अक्षता टाकणारे हात

॥ श्रीगुरवे नमः ॥



तुळशीचं लग्न झालं की आपल्या ग्रुपवर पत्रिका यायला लागतात. पूर्वी त्यांवर इंदुरातल्याच एखाद्या हॉलचा पत्ता असायचा. हल्ली महेश्वर, मांडू, उदयपूर दिसतं. मुलांना नर्मदेच्या काठी, किल्ल्याच्या सावलीत लग्न करायचं असतं. त्यात वाईट काहीच नाही. पण मागच्या सत्संगानंतर चहा वाटताना आम्हा सेवेकरी बायकांमध्ये यावर बरीच चर्चा झाली. सुंदर जागा निवडताना कोण येऊ शकणार नाही, हेही आपणच ठरवत असतो का?

आधी आमच्याच घरचं सांगतो. चार वर्षांपूर्वी मुलाचं लग्न आम्ही शहराबाहेर टेकडीवरच्या एका रिसॉर्टमध्ये केलं. खाली तलाव, वर मांडव. आमच्या आत्याबाई पुण्याला असतात, तेव्हा वय 78. त्यांनी फोनवर दोनच गोष्टी विचारल्या. चढण किती आहे? आणि बाथरूम खोलीतच आहे ना? आम्ही म्हटलं, "काळजी करू नका, सगळी सोय आहे." खरं म्हणजे आम्ही ते बघितलंच नव्हतं. आम्ही तलाव बघितला होता. आत्याबाई काय ते समजल्या. म्हणाल्या, "गुडघे साथ देत नाहीत गं, इथूनच आशीर्वाद." आम्ही सगळ्यांना सांगितलं, आत्याबाईंना यायला जमलं नाही. हे खोटं नव्हतं, पण पूर्ण खरंही नव्हतं. त्यांना जमू नये अशी व्यवस्था आम्हीच केली होती.

लग्नात पाहुण्यांचं काम काय असतं? नुसतं जेवण आणि आहेर असतं तर प्रश्नच नव्हता. आपल्याकडे अंतरपाट धरला की सगळे उभे राहतात आणि प्रत्येक मंगलाष्टकाला अक्षता टाकतात. श्रीमंत मामाच्या मुठीत जेवढे तांदूळ, तेवढेच घरी वर्षानुवर्षं काम करणाऱ्या बाईच्या मुठीत. म्हणजे पाहुणा तिथे बघायला आलेला नसतो, तो त्या कार्याचा भाग असतो.

आणि महेश्वरचंच उदाहरण घ्यायचं तर अहिल्याबाईंचंच घेऊ या. 1767 मध्ये कारभार हाती आल्यावर त्यांनी महेश्वरला राजधानी केली. तिथले घाट आज लग्नाच्या फोटोंसाठी प्रसिद्ध आहेत. पण मातोश्रींनी देशभर नुसती देवळं उभारली नाहीत. विहिरी खणल्या, घाट बांधले, धर्मशाळा काढल्या. थकलेला यात्रेकरू देवापर्यंत पोचावा, ही काळजी त्यांच्या बांधकामातच होती. आपण त्यांच्या घाटावर लग्न करायचं म्हणतो, तर त्यांची ही दृष्टीही थोडी घ्यायला हवी.

तरुण मंडळींचंही ऐकलं पाहिजे. चर्चेत एकीच्या मुलीचं म्हणणं होतं, "काकू, सातशे माणसांत नवरा-बायकोला कोणी ओळखतही नाही. त्यापेक्षा मोजकी माणसं बरी." अगदी बरोबर आहे. लहान लग्न करण्यात कमीपणा नाही. पण मग मोजक्यांनाच बोलवावं आणि बाकीच्यांना प्रेमाने तसं सांगावं. सगळ्यांना पत्रिका पाठवायची आणि अंतराची चाळणी लावायची, हे मात्र बरं नाही. नाही म्हणायचं काम आपण रस्त्यावर आणि पायऱ्यांवर सोपवतो आणि स्वतः चांगले राहतो.

महेश्वर इंदूरहून सुमारे 90 किलोमीटर. गावाला रेल्वे नाही. मुंबईचा पाहुणा अवंतिका एक्सप्रेसने रात्रभर प्रवास करून सकाळी इंदूरला उतरणार, पुढे आणखी दोन-अडीच तास गाडीत. किल्ल्यावरून घाटावर उतरायला पायऱ्याच पायऱ्या. वैशाखात निमाडचं ऊन तर विचारूच नका. मांडूची शोभा पावसाळ्यातली, आणि चातुर्मासात आपण परंपरेने लग्नं करत नाही. हे सगळं आधी बोलायला हवं.

म्हणून आम्ही एक पद्धत ठरवली. आधी माणसांची यादी, मग जागा. यादीतल्या सर्वांत थकलेल्या माणसाच्या नजरेने जागा बघायची, जमलं तर त्यांनाच सोबत न्यायचं. इंदूर स्टेशनवरून बस, खाली एक खोली विश्रांतीला, रात्री परतता येईल असा मुहूर्त. एवढं होत असेल तर खुशाल महेश्वरला करा.

येत्या माघात आमच्या भाचीचं लग्न आहे. तिला महेश्वरच हवं होतं. शेवटी तिनेच मार्ग काढला. लग्न इंदुरातच, तळमजल्यावरच्या हॉलमध्ये, आणि दुसऱ्या दिवशी दोघं नर्मदामाईच्या पूजेला महेश्वरला जातील. ज्यांना झेपेल ते सोबत. आत्याबाई आता 82 वर्षांच्या आहेत. त्यांनी पुन्हा तेच दोन प्रश्न विचारले. या वेळी आम्ही हॉल बघून आलो होतो. पायऱ्या तीन, बाथरूम खोलीतच. त्यांनी तिकीट काढायला सांगितलं.

या आठवड्याचं चिंतन : आपल्या घरच्या कार्याला "जमलं नाही" म्हणालेल्या एका माणसाला फोन करू या. का जमलं नव्हतं, ते शांतपणे ऐकू या.

जय गुरुदेव 🙏