सुटलेल्या माणसाचा पुन्हा न्याय

'महाराज, कोर्टाने एकदा निर्दोष सोडला, मग सरकार पुन्हा वर का जाते?' असा सवाल आम्हांला पुष्कळदा येतो. आणि ज्या घरचा माणूस मारला गेला त्या घरची माउली विचारते, 'सगळ्या गावाला ठाऊक आहे, तरी तो सुटला कसा?' सज्जनहो, दोन्ही सवाल खरे आहेत.

सुटकेवर अपील करण्याची मुभा आपल्या कायद्यात आहे. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ते ३७८ वे कलम होते. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ४१९ वे. पोलिसांनी चालविलेल्या खटल्यात हा हक्क पूर्वी सरकारचाच. २००९ च्या अखेरीपासून पीडितालाही मिळाला. हे योग्यच झाले असे आम्ही म्हणतो.

पण वरच्या कोर्टाने हात जपून घालावा. १९३४ साली शिव स्वरूप खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने सांगितले की हायकोर्टाला सगळा पुरावा नव्याने तपासता येतो, मात्र ज्या न्यायाधीशाने साक्षीदार डोळ्यांनी पाहिला त्याच्या मताला मान द्यावा. का? तर कागदाला घाम फुटत नाही! याज्ञवल्क्यांनी खोट्या माणसाची लक्षणे सांगितली आहेत: जागा बदलतो, ओठांचे कोपरे चाटतो, कपाळ घामेजते, तोंडाचा रंग उतरतो. हे हायकोर्टाला कुठून दिसणार? परंतु मिताक्षरेत विज्ञानेश्वर लगेच बजावतात की यावरून दोषाची नुसती शंका घ्यावी, निर्णय करू नये. कारण माणसाचा स्वभावच तसा की आतल्या पापाने तसा झाला, हे ओळखणे कठीण. गरीब कुणबी पिंजऱ्यात उभा राहिला की त्याचे पाय लटपटतातच. तेव्हा पाहणाराही चुकू शकतो, म्हणून वरचे दार हवे.

आता 'सगळे गाव सांगते' याविषयी. गावाने पाहिले की ऐकले? स्मृतीत साक्षीदार निदान तीन हवेत असे आहे, पण दोन्ही पक्षांना मान्य असा धर्मज्ञ एकटाही चालतो. १८७२ च्या पुरावा कायद्याने तर संख्येची अटच ठेवली नाही, आणि आजच्या कायद्यातही ती नाही. सुप्रीम कोर्टाने १९५७ साली वडिवेलू थेवर खटल्यात एकाच साक्षीदारावर शिक्षा कायम केली. साक्ष तोलायची, मोजायची नव्हे.

तोलून दोन्ही अर्थ सारखेच संभवत असतील तर सुटका मोडू नये, हे २००७ साली चंद्रप्पा खटल्यात पुन्हा स्पष्ट झाले. निर्दोष मानण्याचा आधार अशा माणसाला दुहेरी मिळतो. मात्र १९७३ साली आपल्या महाराष्ट्राच्याच बोबडे खटल्यात त्याच कोर्टाने इशारा दिला होता की संशयाचे इतके लाड करू नका की अपराधी मोकळे फिरतील. आम्हांला दोन्ही वचने पटतात. चोरी न करताच चोर ठरून सुळावर चढलेले मांडव्य ऋषी ज्यांना आठवतात, त्यांनी पहिले वचन आधी घ्यावे.

अपील बहुधा खाली नोंदलेल्या जबान्यांवरच चालते. पारावर सगळे बोलणारे कोर्टात 'मला काही दिसले नाही' म्हणाले, तर हायकोर्टाने वाचावे काय? ठाऊक असून साक्ष न देणाऱ्याला याज्ञवल्क्यांनी खोट्या साक्षीदाराइतकेच पाप आणि तितकाच दंड सांगितला आहे.