श्रोत्याची जागा

कलावंतानें रसिकाचें मन किती व्यापावें, आणि कोठें थांबून तें त्याचें त्याला मोकळें सोडावें? हा प्रश्न वरवर पाहतां कलेचा दिसतो. परंतु तो नीतीचाहि आहे, असें आम्हांस अलीकडे वाटूं लागलें आहे. त्याला निमित्त लहानसेंच घडलें. इंद्रायणीकाठच्या निघोजे गांवीं राहणाऱ्या आमच्या एका जुन्या विद्यार्थ्यानें सप्ताहांतील कीर्तनास आम्हांस बोलाविलें होतें. जेवतांना त्यानें, अठ्ठावीस वर्षांपूर्वीं 'शाकुंतला'च्या चौथ्या अंकावर आम्हीं दिलेलें व्याख्यान जवळजवळ शब्दशः म्हणून दाखविलें. आम्ही सुखावलों. मग सहज विचारलें, "आणि तो अंक वाचून तुला स्वतःला काय वाटलें होतें?" तो हसून म्हणाला, "सर, तें तुम्हीं कधीं विचारलेंच नाहीं." जरा थांबून पुढें म्हणाला, "गेल्या वर्षीं मुलीची पाठवणी केली. त्या वेळीं मात्र तुमचें व्याख्यान आठवलें नाहीं."

हा घास आमच्या घशाखालीं सहजासहजीं उतरला नाहीं.

निघोज्याच्या परिसरांत आतां मोटारींचे कारखाने आहेत. फोक्सवॅगन या जर्मन कंपनीचा कारखाना २००९ सालीं याच भागांत सुरू झाला. जर्मनी म्हणजे यंत्रें, हें समीकरण तेथील पोरासोरांनाहि ठाऊक. त्यामुळेंच कीं काय, ज्यानें यंत्रें थेट रंगभूमीवर आणून उभीं केलीं अशा एका जर्मन कलावंताची आम्हांस आठवण झाली. हे हायनर गोबेल्स, संगीतकार आणि नाट्यदिग्दर्शक. आडनांव वाचून वाचकांनीं दचकूं नये. हिटलरचा प्रचारमंत्री मेल्यावर सात वर्षांनीं, १९५२ सालीं, यांचा जन्म झाला. फ्रांकफुर्ट येथें समाजशास्त्राचा व संगीताचा अभ्यास करून त्यांनीं १९७६ मध्यें निदर्शनांत वाजविणाऱ्या एका डाव्या वाद्यवृंदापासून आरंभ केला. निदर्शनांत घोषणा असते, आणि घोषणेला ऐकणाऱ्याचें मत नको असतें. होकार हवा असतो. तेथून निघालेला हा मनुष्य हळूहळू अगदीं उलट टोंकाला पोंचला. १९९६ च्या एका नाट्यकृतींत त्यांनीं नट न घेतां वादकांनाच रंगमंचावर वावरावयास लाविलें. २००७ च्या 'श्टिफ्टर्स डिंग' या कृतींत तर मनुष्यच नाहीं. वादकावांचून वाजणारे पांच पियानो, पाणी, पाऊस, धुकें आणि ध्वनिमुद्रित आवाज, एवढाच संसार. २०१२ ते २०१४ या काळांत रुर प्रांतांतील ज्या कलामहोत्सवाचे ते प्रमुख होते, तोहि जुन्या कारखान्यांच्या व खाणींच्या इमारतींतच भरतो. समोर कोणी नसलें म्हणजे प्रेक्षकाला दुसऱ्याच्या डोळ्यांनीं पाहतां येत नाहीं, आपलेच उघडावे लागतात, हें त्यांच्या कलेचें मर्म होय.

हें आपल्याला परकें वाटेल. पण प्रश्न आपल्याकडे जुनाच आहे. विष्णुदास भाव्यांच्या नाटकांत, म्हणजे १८४३ पासून, पद्यें सूत्रधारच गात असे. अण्णासाहेब किर्लोस्करांनीं ३१ ऑक्टोबर १८८० रोजीं पुण्यास 'संगीत शाकुंतला'चे पहिले चार अंक केले, तेव्हां गाणें पात्रांच्या मुखीं आलें. नाटक रचणारे तेच, पदांना चाली देणारे तेच, तालमी घेणारेहि तेच. तरी त्यांनीं आवाज स्वतःपाशीं न ठेवतां वांटून दिला. हें औदार्य होतें. परंतु पुढें 'वन्स मोअर'च्या गजरांत पात्र विरघळलें आणि गवई तेवढा उरला. दिलेल्या जागेवर पुन्हा कोणी तरी ठाण मांडलें. १९७२ सालीं 'घाशीराम कोतवाल'मध्यें भास्कर चंदावरकरांचें संगीत व जब्बार पटेलांचें दिग्दर्शन यांच्या जोडीनें माणसांची रांगच भिंत झाली, पडदा झाली आणि गाऊंहि लागली, तेव्हां तें ठाण बरेंचसें उठलें.

येथें एक आक्षेप संभवतो, आणि तो आम्हांस हलका वाटत नाहीं. ज्याला दुःखानें घेरलें आहे त्याला स्वातंत्र्य नको असतें, हात हवा असतो. मुलीला निरोप देणाऱ्या कण्वासमोर रिकामा पियानो ठेवून काय होणार? शिवाय, 'तुमचें तुम्ही पाहा' असें म्हणणें ही कित्येकदां आळशी माणसाची पळवाट असते. हें सर्व खरें. परंतु कांहींहि न देतां गप्प राहणें आणि सर्वस्व देऊन मग गप्प राहणें, यांत महदंतर आहे. दारापर्यंत पोंचविणें हें कर्तव्य. आंत ढकलणें हा अतिक्रम. आम्हीं वर्गांत इतकीं वर्षें अतिक्रमच केला, आणि विद्यार्थ्यांच्या उत्तरपत्रिकांतून आमचेच शब्द परत आले म्हणजे त्याला यश म्हटलें.

त्या रात्रीं कीर्तनकारांनीं आख्यान रंगविलें, श्रोत्यांना हसविलें, रडविलें. आणि एका जागीं ते अकस्मात् थांबले. टाळ थांबले, मृदंगावर हात तसाच राहिला. त्या शांततेंत आमचा विद्यार्थी डोळे मिटून बसला होता. त्याच्या मनांत काय चाललें होतें तें आम्हांस कळलें नाहीं. विचारण्याचा मोह झाला. पण या खेपेस आम्हीं तो आवरला.