हात कुणाचा गेला?

रस्त्यावरच्या अपघातात माणूस जखमी झाला की काही दिवसांतच घरच्यांना एक प्रश्न ऐकू येऊ लागतो: "डॉक्टरांनी किती टक्के लिहून दिले?" अपंगत्वाच्या दाखल्यावरचा आकडा म्हणजेच भरपाईचा दर, असे धरून तडजोडी होतात. 2028 च्या सिंहस्थासाठी उज्जैनचे रस्ते रुंद होत आहेत आणि महाकालाच्या दर्शनाला महाराष्ट्रातूनही गाड्यांची रीघ असते. अशा वेळी ही समजूत खोडून काढायलाच हवी. तिने जखमी माणसाच्या हक्काचे पैसे बुडतात.

भरपाईची कल्पना आपल्याकडे जुनी आहे. अंगाला इजा करणाऱ्याने बरे होईपर्यंतचा खर्च द्यावा, असे मनू आणि याज्ञवल्क्य दोघेही सांगतात. गाडीवान अकुशल असेल तर मनू दंड मालकाला लावतो. पुढे 1855 चा प्राणघातक अपघातांचा कायदा, 1939 चा मोटार कायदा, 1956 च्या दुरुस्तीने आलेली दावा न्यायाधिकरणे, आणि 1982 मध्ये चालकाची चूक सिद्ध न करताही कायमच्या अपंगत्वाला मिळू लागलेले 7,500 रुपये. इथवर फारसा वाद नाही.

टक्के आले ते 1923 च्या कामगार नुकसानभरपाई कायद्यातून. त्याच्या परिशिष्टात अंगठ्याला 30 टक्के, तर्जनीला 14 टक्के. कामगाराला कोर्टकज्जा न करता पैसे मिळावेत म्हणून केलेली ती सोय होती. मोटार कायद्याने 1994 मध्ये, चूक सिद्ध न करता भरपाई देणारे कलम 163-अ आणताना, कायम अपंगत्वाची व्याख्या तिथूनच घेतली, आणि कोष्टक वकिलांच्या, विमा कंपन्यांच्या, न्यायाधिकरणांच्याही डोक्यात बसले.

ते हलवले सर्वोच्च न्यायालयाच्या 2010 च्या 'राजकुमार विरुद्ध अजयकुमार' या निकालाने. न्या. रवींद्रन यांनी विचारले की डावा हात गेला, पण कुणाचा? सुताराचा किंवा ड्रायव्हरचा गेला तर त्याची कमाई जवळजवळ पूर्ण बुडाली. सरकारी कारकुनाची नोकरी टिकली, तर त्याला पुढच्या कमाईपोटी काही देण्याची गरज नाही. जगण्यातला जो आनंद गेला, त्याची भरपाई मात्र द्यायची.

हा निकाल भरपाई वाढवणारा, असे दावेदारांचे वकील सांगतात. कंपन्यांचे वकील तोच भरपाई घटवायला वापरतात. मला दोन्ही वाचने चुकीची वाटतात. त्याच खटल्यात दाखल्यावर 45 टक्के होते, कोर्टाने कमाईचे नुकसान 20 टक्केच धरले. आणि 2014 मध्ये सय्यद सादिक खटल्यात उजवा पाय गमावलेल्या भाजीविक्रेत्याचे नुकसान 85 टक्के धरले. आकडा उतरतो तसा चढतोही. निर्णय डॉक्टरच्या हातून न्यायाधीशाकडे आला, हा खरा बदल. डॉक्टरने शरीराचे सांगावे; त्या शरीराने हा माणूस काय करून पोट भरत होता, हे न्यायाधिकरणाने स्वतः तपासावे. उज्जैनजवळच्या भैरूगढला वितळलेल्या मेणाने बाटिक करणारे कारागीर आहेत. त्यांच्यातल्या एखाद्याची तर्जनी गेली, तर 1923 चे कोष्टक 14 म्हणेल. त्याच्या कामाचे किती गेले, हे त्याच्याशी बोलल्यावाचून कळणार नाही.

म्हणून 2019 च्या दुरुस्तीची मला काळजी वाटते. नव्या कलम 164 खाली चूक सिद्ध न करता गंभीर दुखापतीला अडीच लाख मिळतात. तातडीच्या गरजेला हे पैसे मोलाचे आहेत. पण मांडीचे हाड मोडलेल्या विद्यार्थ्याला आणि दोन्ही पाय गेलेल्या हमालाला रक्कम एकच, आणि ती स्वीकारली की न्यायाधिकरणात चूक सिद्ध करून पूर्ण नुकसान मागण्याचा कलम 166 चा दावा संपतो. शंभर वर्षांपूर्वीच्या कोष्टकात निदान अंगठा आणि तर्जनी वेगळे होते.

तेव्हा तडजोडीवर सही करण्याआधी वकिलाला विचारा की कलम 164 की 166? दाखल्याबरोबर आपल्या कामाचे पुरावे जोडा: मालकाचे पत्र, बाजार समितीचा परवाना, सोबत काम करणाऱ्यांची साक्ष. अपघात उज्जैनला झाला तरी दावा नाशिकला किंवा जळगावला, आपण राहतो तिथे, दाखल करता येतो. मात्र 1 एप्रिल 2022 पासून कायद्याने मुदत ठेवली आहे ती अपघातापासून सहा महिन्यांची.