सही करणाऱ्यांचे नातू

ताई : डब्लिनमधल्या त्या घरांनी शंभर वर्षं जे झाकून ठेवलं, ते तुला कशाला उघडं करायचंय?

मी : कारण हिशेब जुळत नाही. २६ ऑगस्ट १९१३ला विल्यम मर्फीच्या ट्राम कंपनीचे कामगार संपावर गेले, ट्राम रस्त्यात सोडून उतरले. मग चारेकशे मालकांनी एक कागद पुढे केला: कामगार नेता लार्किन याच्या युनियनशी संबंध ठेवणार नाही. त्या युनियनमध्ये नसलेल्यांनीही सही नाकारली. वीसेक हजार माणसं टाळेबंदीत बाहेर बसली. पण जानेवारीत परतताना कित्येकांनी सही केलीच. मग घराघरांतल्या गोष्टींत ताठ उभे राहिलेले आजोबाच तेवढे कसे?

ताई : वाकलेल्यानं घरी सांगितलं नाही म्हणून.

मी : म्हणजे खोटं.

ताई : खोटं कसलं? पाच महिने पोरं उपाशी ठेवली, इंग्लंडहून जहाजानं आलेल्या बटाट्यांसाठी रांगेत उभा राहिला, आणि शेवटी सही केली. तू लिहिणार ती फक्त सही.

मी : मी पाच महिनेही लिहीन.

ताई : लिही. वाचणारा सहीच लक्षात ठेवील. पोट भरलेल्यांना दुसऱ्याची सही फार ठळक दिसते.

यावर मला लगेच उत्तर सुचलं नाही. तिनं विषयच बदलला.

ताई : आणि बायका? ऑक्टोबरात उपाशी मुलं काही दिवस इंग्लंडमधल्या घरांत पाठवायची ठरली. आर्चबिशप वॉल्श म्हणाले, पोर परक्या देशात धाडणारी कॅथलिक आई म्हणवून घ्यायला लायक नाही. पाद्री स्टेशनवर, धक्क्यावर आडवे आले. पोराला परत घरी नेलेल्या बाईला तू फितूर म्हणशील?

मी : मुळीच नाही. तिच्या नवऱ्यालाही म्हणणार नाही. पण नातवंडांनी हे सांगायला हवं. कागद लिहिला मालकांनी, आणि लाज राहिली सही करणाऱ्याच्या घरात. आपण गप्प राहिलो तर ती तिथंच राहील.

ताई : आणि त्यानंच मरताना सांगितलं असेल, कुणाला बोलू नका म्हणून?

मी : तरी बोलावं.

ताई : त्याच्या नातवाला हे तोंडावर सांगशील?

मी : सांगेन. पण त्यानं ऐकावंच असा हट्ट धरणार नाही.

ताई : मग लेख कुणासाठी लिहितोयस?