चौऱ्यांशीचा फेरा

एकतीस डिसेंबरला गच्चीवर जमायचं आणि प्रत्येक घराने एकेक पदार्थ आणायचा, ही आमच्या इमारतीतली जुनी रीत. मुलुंड पूर्वेच्या बऱ्याच सोसायट्यांत असेल. २०२३ साली एकतीस तारीख नेमकी रविवारी आली, म्हणजे मटणवाल्याकडे सकाळपासून रांग. त्यात मार्गशीर्ष चालू. आमच्याकडे काही घरं अख्खा मार्गशीर्ष पाळतात, काही गुरुवारपुरता पाळतात, आणि तिसऱ्या मजल्यावरचे काका पाळतात असं त्यांच्या बायकोला वाटतं. या सगळ्यांची बेरीज-वजाबाकी करून सामिष खाणारी माणसं निघाली २८. माझ्या सुनेने माणशी ३ धरले आणि सोसायटीच्या ग्रुपवर लिहून टाकलं: आमच्याकडून खिम्याचे आंबटगोड गोळे, ८४.

"चौऱ्यांशीचा फेरा म्हणतात तो हाच का गं?" मी विचारलं. ती हसली नाही. ती सामानाची यादी करत होती.

सून ऐरोलीला नोकरी करते. खाडीवरचा पूल ओलांडला की तिचं ऑफिस. लोकांनी लिहिलेल्या प्रोग्राममध्ये कुठे काय फसतंय ते शोधायचं, हे तिचं काम. जगाच्या चुका शोधण्याचा तिला पगार मिळतो, हे पुढच्या गोष्टीसाठी लक्षात ठेवा.

गोळ्यांचं खूळ आलं घाटकोपरहून. आर सिटी मॉलमध्ये २०२२ साली स्वीडिश आयकियाचं दुकान उघडलं, तेव्हापासून मुलगा आणि सून फडताळ बघायला म्हणून जातात आणि खाऊन परत येतात. तिथे कोंबडीच्या खिम्याचे गोळे मिळतात आणि सोबत लिंगनबेरी नावाच्या लाल फळाचा जॅम. खिम्याबरोबर जॅम! मी नाक मुरडलं तेव्हा मुलगा म्हणाला, आई, हा स्वीडनचा राष्ट्रीय पदार्थ आहे. मग त्यानेच वर सांगितलं, की २०१८ साली स्वीडनच्या सरकारी ट्विटर खात्याने कबूल करून टाकलं, आमचे हे गोळे मूळचे आमचे नव्हेतच. आमचा राजा बारावा चार्ल्स अठराव्या शतकाच्या सुरुवातीला तुर्कस्तानातून ही कृती घेऊन आला. हा राजा पोल्टाव्हाला रशियाकडून हरला आणि १७०९ पासून पाच वर्षं तुर्कांच्या आश्रयाला राहिला. राज्याचं मातेरं झालं, पण कोफ्ते घेऊन आला म्हणायचा. कोफ्ता शब्द फारसी, अर्थ कुटलेला. पाट्यावर खिमा वाटणाऱ्या माझ्या आजेसासूबाईंना हे ऐकून बरं वाटलं असतं. त्यांची ढोपरं त्या कुटण्यानेच गेली.

कृती मात्र सुनेला मिळाली न्यू जर्सीहून, मुलाच्या आत्तेबहिणीकडून. तिकडे पार्टी म्हटली की हा प्रकार ठरलेला. बाजारातून तयार, शिजवून गोठवलेले गोळे आणायचे, त्यावर द्राक्षाची जेली आणि बाटलीतला चिली सॉस ओतायचा आणि मंद आचेच्या विजेच्या भांड्यात दोन-तीन तास सोडून द्यायचं. झालं. तीन वस्तू. "सोप्पं आहे ना, आई?"

सोप्पं आहे म्हटलं की मला १९९१ आठवतं.

तेव्हा आम्ही याच मुलुंडात, पण जुन्या चाळवजा घरात होतो. ह्यांना बढती मिळाली म्हणून ऑफिसातली माणसं जेवायला येणार होती. मी दोन किलो खिमा आणला, भरपूर पाण्याखाली खळखळून धुतला, त्यात कांदा चिरून घातला, गोळे वळले, मोजून ताटात मांडले आणि कढईत एकदम पंधरा सोडले. अर्ध्या मिनिटात तेल फेसाळून वर आलं. फेस बसला तेव्हा कढईत गोळा म्हणून एकही उरला नव्हता, होता तो तेलात पोहणारा खिमा. शेजारच्या मालवणच्या मामी माझा आवाज ऐकून आल्या. त्यांनी खिमा झाऱ्याने निथळून काढला, दुसऱ्या पातेल्यात कांदा-टोमॅटोवर परतला, माझ्या दिराला पावाच्या दोन लाद्या आणायला पिटाळलं. पाहुण्यांनी खिमा-पाव चाटूनपुसून खाल्ला आणि वहिनींच्या हाताला काय चव आहे म्हणाले.

गोष्ट इथे संपली असती तर बरं होतं. पण वाहवा झाल्यामुळे मी काहीच शिकले नाही. चार महिन्यांनी पुन्हा तोच बेत, पुन्हा तोच फेस. या वेळी मामी दारातच उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "आदी एक सोडून बगूचो ना गो!"

मी म्हटलं, माझ्या माहेरी नैवेद्याआधी चव बघत नाहीत. स्वयंपाक वासावर कळायला हवा, अशी आईची शिकवण.

"ह्यो काय निवेद आसा?" मामी म्हणाल्या. "देव काय बोलूचो नाय, माणसां बोलतली."

शितावरून भाताची परीक्षा, हे आपण उठता-बसता म्हणतो. पण शीत चेपून बघतो ते भात होत आल्यावर, आणि तेव्हा फार तर दोन वाफा जास्त देता येतात. गोळ्याचं तसं नाही. त्याची वानगी आधी काढावी लागते, सगळे कढईत पडायच्या आधी. पाणी जास्त झालंय का, मिळून येतंय का, मीठ पुरेसं आहे का, आतून कच्चा राहतो का, हे सगळं तो एक गोळा सांगतो. कच्चा खिमा काही जिभेवर ठेवता येत नाही.

तर त्या रविवारी. सुनेने खिमा चांगला आणला होता. मटण धुऊन, निथळून मग दुकानातच दळून घेतलं होतं, म्हणजे माझ्या पहिल्या चुकीचा तिथेच निकाल लागला. कांदा किसून पिळून घेतला. आलं-लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर, गरम मसाला, दोन अंडी आणि मिळून यायला भाजक्या डाळ्याचं पीठ. हाताला चिकटेपर्यंत मळलंनही छान. लहान लिंबाएवढे गोळे वळून तीन परातींत मांडले. मोजले. ८४. फ्रीजमध्ये अर्धा तास ठेवले. तोवर तिने दुसऱ्या गॅसवर मिक्स फ्रूट जॅमची अख्खी बाटली आणि चिली सॉसची अख्खी बाटली एका पातेल्यात उपडी केली. द्राक्षाची जेली कोपऱ्यावरच्या दुकानात नव्हती.

मी हे सगळं बघत होते आणि गप्प होते. सुनेच्या स्वयंपाकात न मागता बोलायचं नाही, हा नेम मी तिच्या लग्नादिवशी केला होता. नेम चांगलाच आहे, पण तो पाळताना मी त्या दिवशी तासभर उशीर केला. खरं तर गोळे वळायच्या आधीच बोलायला हवं होतं. शेवटी कढई तापली तेव्हा राहवलं नाही.

"आधी एक तळून बघ."

"आई, मोजून केलेत. ग्रुपवर ८४ लिहिलंय. एक कमी पडेल."

माझ्यासारखीच सबब, बत्तीस वर्षांनी. वाद घालण्यात अर्थ नव्हता. मी म्हटलं, "२८ माणसांत मी आहे ना? माझ्या वाटचे तीन ना? त्यातला एक मला आत्ता दे."

याला तिच्याकडे उत्तर नव्हतं. कांद्याची पाकळी टाकून तिने तेल पाहिलं, एक गोळा सोडला. तो धडपणे तळला गेला, फुटला नाही. तिचा चेहरा उजळला. मग पळीभर सॉसमध्ये घोळवून वाटीत काढला. तेवढ्यात भांड्यांना मावशी आल्या. मी एका गोळ्याचे तीन तुकडे केले. आतून नीट शिजला होता, गुलाबी कुठे नव्हता.

सुनेने खाल्ला आणि काही बोलली नाही. मावशींना बोलायला पगार लागत नाही. त्या म्हणाल्या, "आदी ग्वाड लागतंय, मंग घशात झणका बसतोय. मदी कायच नाय. आन् मीठ कुटंय?"

सॉसची चूक सुनेची नव्हती, शब्दाची होती. अमेरिकेत पार्टीच्या या कृतीत जो चिली सॉस घालतात तो टोमॅटोचा, केचपचा थोरला भाऊ म्हणावा असा, मवाळ. आपल्याकडे त्याच नावाची बाटली आणली की चायनीजच्या गाडीवरचं ते लालभडक तिखट आणि व्हिनेगर हाती येतं. नाव एक, वस्तू दोन. न्यू जर्सीच्या मुलीने खोटं सांगितलं नव्हतं आणि आमच्या मुलीने चुकीचं वाचलं नव्हतं. दोघींच्या मधला समुद्र काही कागदावर दिसत नाही.

पुढच्या अर्ध्या तासात आम्ही तिघींनी जे केलं ते रोज आमटीत करतो तेच. पातेल्यातला बहुतेक ऐवज काढून ठेवला, दोन मोठे चमचे राहू दिला. टोमॅटो उकडून, वाटून, गाळून घातले. अर्धी वाटी चिंचेचा कोळ, पाऊण वाटी चिरलेला गूळ, तेलात परतलेला ठेचलेला लसूण, थोडं लाल तिखट. गोळे मोडून पुन्हा मीठ मळायला वेळ नव्हता, म्हणून मीठ रसातच जरा चढं ठेवलं. ही युक्ती मावशींची. रस पळीच्या पाठीला चिकटून राहील इतका आटवला. गोळे आठ-आठच्या घाण्याने तळले, कारण गर्दी केली की तेल निवतं आणि गोळा तळायच्याऐवजी उकडतो. मग सगळे रसात टाकून पातेलं दोन्ही हातांनी धरून हलवलं. डाव घातला नाही. दातकोरण्या टोचल्या, वरून तीळ भुरभुरले.

मध्येच सून एकदम म्हणाली, "ऑफिसमध्ये मी न तपासता एक ओळसुद्धा पुढे जाऊ देत नाही."

"तिथे पगार देतात," मी म्हटलं.

"नाही हो आई. तिथे दुसऱ्याचं असतं."

मी गूळ चिरत होते. बऱ्याच वेळाने हसू आलं.

गच्चीवर रात्री साडेनऊला परात गेली. तिसऱ्या मजल्यावरचे काका पाण्याच्या टाकीमागे उभे राहून खाताना दिसले; ते २८ मध्ये धरलेच नव्हते. कुणीतरी कृती विचारली तेव्हा सून सांगायला लागली, खिमा दोन किलो, डाळ्याचं पीठ, चिंच, गूळ, आणि गोळे वळायच्या आधी एक तळून कुणाला तरी खायला द्या, घरच्या माणसाला नको, तो छान म्हणतो.

परातीत ८३ होते. माझ्या वाटणीला दोन यायचे होते. त्यातला एक काकांनी नेला.