महापौर ‘आपला’ असावा का?



महापौराची निवड जवळ आली की आपल्यात एक प्रश्न हमखास विचारला जातो : ‘यांतला आपला कोण?’ भाषेने आपला, गावाने आपला, धर्माने आपला. प्रश्न स्वाभाविक आहे. परंतु ख्रिस्ती मतदाराने तेथेच थांबावे का?

मुंबईचा महापौर आपण थेट निवडत नाही. आपण २२७ नगरसेवक निवडतो आणि ते आपल्यातून अडीच वर्षांसाठी महापौर निवडतात. महापौर हे प्रथम नागरिक व सभागृहाचे अध्यक्ष असतात; प्रत्यक्ष कारभार मात्र राज्य सरकारने नेमलेले आयुक्त चालवतात. म्हणून महापौरपदाच्या उमेदवाराची खरी पारख त्याच्या वॉर्डातच होते आणि ती मतदारांनीच करायची असते.

समजा, एखादा उमेदवार म्हणाला, ‘चर्चच्या आवारात फरशी बसवून देतो, तुमची मते मला द्या.’ पैसे कोणाच्या खिशात गेले नाहीत, काम देवाच्या घराचे झाले. मग यात वाईट काय? वाईट हे की, मत विकले गेले. मिळालेली किंमत घरात न आणता देवळात ठेवली म्हणून विक्रीचे दान होत नाही. फरशीचा खर्च नगरसेवक निधीतून झाला, तर त्या पैशांवर नळाला पाणी नसलेल्या शेजारच्या वस्तीचाही हक्क होता. उमेदवाराने पदरचे पैसे घातले, तर निवडून आल्यावर ते तो कोठून वसूल करील, हे वेगळे सांगायला नको.

मग आपण काहीच मागू नये का? जरूर मागावे. गावठाणाचे रक्षण, दफनभूमीसाठी जागा या न्याय्य मागण्या आहेत. पण हक्क मागणे वेगळे आणि मताचा सौदा करणे वेगळे. हक्क दुसऱ्यालाही मिळावा असे आपण म्हणू शकतो. सौद्यात दुसऱ्याला जागाच नसते.

लोकमान्य टिळकांचे सहकारी जोसेफ ‘काका’ बॅप्टिस्टा आपल्याच समाजातले. १९२५ साली ते मुंबई महापालिकेचे अध्यक्ष झाले. ‘महापौर’ हे नाव त्या पदाला पुढे मिळाले. त्याआधी, १९२० साली, ‘आयटक’ या कामगार संघटनेच्या स्थापनेत त्यांचा वाटा होता. ज्या कामगारांसाठी ते झटले, त्यांतले बहुसंख्य ख्रिस्ती नव्हते. आपला माणूस मोठा झाला तो असा, सर्वांचा होऊन.

प्रभू येशूच्या दाखल्यातही जखमी वाटसरूला उचलणारा शोमरोनी त्याच्या जातीचा नव्हता. त्याच्या ‘आपल्यां’पैकी दोघे मात्र बाजूने निघून गेले होते.

मतदान करणे हे आपले नैतिक कर्तव्य आहे, असे ख्रिस्तसभा शिकवते. कोणाला मत द्यावे, हे व्यासपीठावरून सांगितले जाणार नाही. ते आपल्या सदसद्विवेकबुद्धीने ठरवायचे आहे. त्यासाठी उमेदवाराला दोन प्रश्न अवश्य विचारा : जे आश्वासन देता, ते तुमच्या पदाच्या अधिकारात आहे का? आणि ज्यांनी तुम्हाला मत दिले नाही, त्यांच्यासाठी तुम्ही काय कराल?

‘आपला कोण’ याचे उत्तर बहुधा या दुसऱ्या प्रश्नातच मिळेल.