जात्यंध, हत्ती आणि डोळस

हत्ती आणि जात्यंध यांचा दृष्टांत भारतीय दर्शनांत फार जुना आहे. बौद्धांच्या पाली 'उदान' ग्रंथात तो आढळतो, जैन आचार्यांनी अनेकांतवादाच्या विवरणासाठी तो घेतला, आणि केशिराजबासांनी संकलित केलेल्या 'दृष्टांतपाठा'तही तो आला आहे. व्याख्यानांतून मात्र त्याचा अर्थ बहुधा एकाच वाक्यात आटोपला जातो: प्रत्येकाचे सत्य निराळे, आणि सर्वांची सत्ये सारख्याच योग्यतेची. हा अर्थ दृष्टांतातून खरोखर निघतो काय, हे पाहणे अगत्याचे आहे. तो निघत असेल तर श्रवण, विचार आणि खंडनमंडन या सर्वांचे प्रयोजनच संपते.

'उदाना'तील कथा श्रावस्तीची आहे. जग शाश्वत की अशाश्वत, जीव आणि शरीर एक की भिन्न, या प्रश्नांवर तेथील नाना मतांचे श्रमण-ब्राह्मण भांडत असत. त्या प्रसंगाने पूर्वीच्या एका राजाची गोष्ट सांगितली आहे. राजाने नगरातील सर्व जात्यंध एकत्र करविले आणि त्यांना हत्ती दाखविला. ज्याच्या हाती मस्तक आले तो म्हणाला, हत्ती घागरीसारखा. कान चाचपणारा म्हणाला, सुपासारखा. सोंडेला स्पर्श करणारा म्हणाला, नांगराच्या इसाडासारखा. धडाशी उभा असलेला म्हणाला, कोठारासारखा. पाय धरणारा म्हणाला, खांबासारखा. शेपटाचा गोंडा हाती आलेला म्हणाला, केरसुणीसारखा. वाद वाढून गुद्द्यांवर आला, आणि राजाला मोठी मौज वाटली. राजाची ही मौज काही भूषणावह नव्हे. तो डोळस होता, हत्ती समोर उभा होता. तरी एकाचाही हात धरून त्याने तो पायावरून पोटाकडे नेला नाही.

जात्यंधांनी दिलेल्या उपमा बारकाईने पाहण्यासारख्या आहेत. घागर, सूप, इसाड, कोठार, केरसुणी या सर्व घरातल्या आणि शेतातल्या वस्तू. हाताने फक्त एवढेच सांगितले की येथे काही जाड, वाटोळे, उभे आहे. 'खांब' हा शब्द हाताने दिलेला नाही. तो स्मरणातून आला. दिङ्नागाने प्रत्यक्ष हे कल्पनारहित मानले आणि नाम, जाती इत्यादींची योजना प्रत्यक्षाबाहेर ठेवली. नैयायिकांनी निर्विकल्पक आणि सविकल्पक असे दोन्ही प्रकार प्रत्यक्षातच धरले. त्या वादात येथे शिरण्याचे कारण नाही. कोणताही पक्ष घेतला तरी जात्यंधाचा स्पर्श निर्दोष ठरतो. 'खांबासारखा' ही उपमाही पायापुरती निर्दोषच आहे. शिंपीला रुपे समजणाऱ्याची भ्रांती वेगळी. तेथे जे नाही ते भासते. येथे जे भासले ते तेथे आहेच. दोष उत्पन्न होतो तो 'पाय' या शब्दाच्या जागी 'हत्ती' हा शब्द बसविला जातो तेव्हा, आणि त्यापुढे 'च' लावला जातो तेव्हा. जन्मांधाला हा दोष कळणे कठीण, कारण त्याने काही गमावलेले नाही. जे कधी नव्हते त्याची उणीव त्याला भासत नाही.

जैन तर्काने हाच 'च' नेमका पकडला. हेमचंद्रांनी आणि त्यांच्या स्तुतीवर 'स्याद्वादमंजरी' ही टीका लिहिणाऱ्या मल्लिषेणांनी तीन पायऱ्या केल्या आहेत. वस्तू आहेच, असे इतर अंशांचा निषेध करून म्हणणे हा दुर्नय. आहे, एवढेच म्हणणे हा नय. अमुक अपेक्षेने आहे, असे म्हणणे हे प्रमाण. यावर शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात आक्षेप घेतला की परस्परविरुद्ध धर्म एका वस्तूत एकाच वेळी संभवत नाहीत, आणि असे अनिश्चित ज्ञान संशयासारखेच होईल. अपेक्षा स्पष्ट सांगितली तर या आक्षेपाचा जोर पुष्कळ ओसरतो. पाय खांबासारखा आणि कान सुपासारखा, यात विरोध नाही. परंतु जैन मताला 'सर्वांची सत्ये सारखी' असे म्हणणारे एक गोष्ट विसरतात. समंतभद्रांची 'आप्तमीमांसा' ही मुळात विश्वसनीय सर्वज्ञ कोण, याचीच परीक्षा आहे. अंश हा अंश आहे हे ठरविण्यास पूर्ण जाणणारा कोणीतरी लागतो. सर्वच जात्यंध असते तर हा दृष्टांत सांगताच आला नसता. घागर, सूप आणि खांब या तीन निराळ्या वस्तूंची ती गोष्ट झाली असती.

पंथीय विचारात या दृष्टांताची योजना करताना आणखी एक सावधगिरी हवी. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ परस्पर भिन्न आहेत. पाय हा हत्तीचा अवयव आहे. देवता ही परमेश्वराचा अवयव नव्हे. म्हणून 'देवताभक्तालाही परमेश्वराचा एक अंश सापडलाच' असा अर्थ काढणे चुकीचे होईल. देवता आहे, तिचे फळही आहे, पण ते नाशिवंत. भक्ताचा अनुभव खोटा नाही, त्याला दिलेले नाव खोटे आहे. दृष्टांत एकदेशी असतो, आणि येथे तो जाणणाऱ्याच्या वृत्तीपुरताच घ्यावयाचा.

येथवर सारे सोपे आहे, कारण दोष दुसऱ्याचा आहे. अवघड प्रश्न पुढे आहे. डोळसाकडून हत्तीचे वर्णन ऐकलेला जात्यंध कोणत्या पंक्तीत बसवावा? चार पाय, एक सोंड, दोन कान हे त्याला पाठ आहे. त्याचे वाक्य शेजाऱ्याच्या वाक्याहून खरे आहे. ते त्याने भिडेखातर सोडू नये, किंवा 'तुमचेही खरे, आमचेही खरे' असे म्हणून पातळ करू नये. सांगणारा सर्वज्ञ असेल तर शब्द प्रमाणच आहे. पण शब्दाने झालेले ज्ञान हे ज्ञान असले तरी दर्शन नव्हे. त्याचा स्वतःचा हात अजून पायावरच आहे. 'हत्ती असा आहे' हे त्याचे म्हणणे खरे आणि 'मी हत्ती पाहिला' हे म्हणणे खोटे. ही दोन वाक्ये त्याच्या मुखात फार लवकर एक होतात. त्या क्षणी तोही गुद्दे मारणाऱ्यांत सामील होतो, आणि त्याच्या मुठीत खरे वाक्य असल्यामुळे त्याचा गुद्दा अधिक लागतो.

अशा श्रोत्याने शेजाऱ्याशी कसे वागावे, हे राजाच्या उदाहरणावरून उलट बाजूने कळते. हसणे राजाला शोभले नाही. याला तर ते मुळीच शोभणार नाही, कारण हा डोळसही नाही. पायाला खांब म्हणणाऱ्याला 'तुझा हात खोटे सांगतो' असे म्हणण्याचे त्याला कारण नाही. 'हात आणखी वर ने, तेथे खांब संपून पोट लागते असे मी ऐकले आहे', इतके तो म्हणू शकतो. शेजारी हात वर नेईल किंवा नेणारही नाही. सांगणाऱ्याला मात्र आपलाही हात त्याच वेळी वर न्यावा लागेल.